माइक चालू आहे का?

टेलिफोनवर बोलणाऱ्याच्या शेजारी बसलं की एकाच बाजूचं बोलणं कानावर पडतं आणि उरलेलं आपण मनाने भरत राहतो. पूर्वी हा प्रकार पाच-दहा मिनिटांत आटपत असे. आता पुष्कळ घरांत तो रोज संध्याकाळी दोन-दोन तास चालतो, आणि कानावर पडणारी वाक्यंही अशी की भरायचं काय हेच कळू नये. ‘‘मागून येतोय, मागून!’’ ‘‘मी पडलोय, उचला मला!’’ ‘‘सोडू नको त्याला, घरात घुसलाय!’’ पलीकडे भाजी निवडत बसलेल्या आईने यातून काय समजावं?

माझी थोरली बहीण मढला दिली आहे. मढ म्हणजे जुन्नर तालुक्यातलं, कल्याण-नगर रस्त्यावर ओतूर मागे टाकून माळशेज घाटाकडे निघालं की पिंपळगाव जोगा धरणाच्या पाण्याच्या सोबतीने लागणारं गाव. पावसाळ्यात घाट पाहायला निघालेल्या गाड्यांची रांग दारावरून जाते. एरवी संध्याकाळी सातनंतर गाव तसं गप्पच. अशा गावात माझा सतरा वर्षांचा भाचा कानात इअरफोन घालून ओसरीवर बसतो आणि ‘‘एकशे वीसला बघ, एकशे वीसला!’’ म्हणून ओरडतो. हे एकशे वीस म्हणजे होकायंत्रावरचे अंश. मोबाइलच्या पडद्यावर वरच्या बाजूला होकायंत्राची पट्टी असते, आणि शत्रू कुठल्या दिशेला आहे हे सोबत्यांना सांगायचं तर ‘त्या झाडाच्या अलीकडे’ म्हणण्यात वेळ घालवून चालत नाही.

खेळ आपल्या सर्वांच्या कानावरून गेलेलाच आहे. पबजी मोबाइल 2018 साली आला, सप्टेंबर 2020मध्ये त्यावर बंदी आली, जुलै 2021मध्ये तो बीजीएमआय हे नवं नाव घेऊन परतला, पुन्हा वर्षभराने गेला आणि 2023मध्ये पुन्हा आला. शंभर जण एका बेटावर उतरतात, चौघाचौघांचे गट असतात, शेवटी जो गट उरेल तो जिंकला. दाजींचा समज होता की यात पैसे लागतात. ऑगस्ट 2025मध्ये संसदेने कायदा करून पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी आणली, तो हा खेळ नव्हे, हे त्यांना पटवायला माझा एक चहा खर्ची पडला. अठरा वर्षांखालच्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा आहे, हे कळल्यावर मात्र ते म्हणाले, ‘‘तीन तास म्हणजे मर्यादा झाली का?’’ यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं.

पण मला या खेळातल्या बंदुकांपेक्षा बोलण्याचं कुतूहल अधिक. कारण भाच्याचा गट पाहिला तर तो गावाचाच नकाशा आहे. एक तो स्वतः. दुसरा त्याचा चुलत भाऊ, घाटकोपरला. तिसरा बालमित्र, आयटीआय करून चाकणच्या कंपनीत लागलेला; त्याची पाळी सुटेल त्यावर खेळाची वेळ ठरते. चौथा ओतूरचा. जुन्नर-आंबेगावची माणसं पोटासाठी मुंबईला जाण्याची रीत फार जुनी आहे. त्यात आता चाकणची भर पडली. ही मुलं पारावर भेटणार कुठून? खेळ सुरू होण्याआधीची दहा मिनिटं कान देऊन ऐकली तर बंदुकीचं नाव निघत नाही. कुणाची म्हैस व्याली, घाटकोपरला पाणी किती वाजता आलं, कंपनीत कुणाला कायम केलं, हेच चाललेलं असतं.

ताईचं लग्न झालं तेव्हा मढच्या एका दुकानात फोन होता. आम्ही एसटीडी बूथवरून तिथे फोन लावायचा, निरोप द्यायचा, अर्ध्या तासाने पुन्हा लावायचा. तोवर ताई दुकानात येऊन बसलेली असे. रात्री उशिरा दर उतरत, म्हणून बोलणंही उशिराच. समोर मीटरचे लाल आकडे पळत असताना आईला एकदाच विचारता येई, ‘‘बरी आहेस ना?’’ त्याच ओसरीवर आता चार ठिकाणची चार पोरं एकाच वेळी बोलतात आणि मीटर कुणी पाहत नाही. हे होतं कसं, हे मी जरा समजून घेतलं.

आपण बोललो की फोन त्या आवाजाचे तुकडे पाडतो. बहुधा एका सेकंदाचे पन्नास. प्रत्येक तुकडा आकड्यांत दाबून, वर पत्ता घालून रवाना केला जातो. दाबण्याची ही कला इतकी पुढे गेली आहे की चांगलं स्पष्ट बोलणं सेकंदाला तीस-बत्तीस किलोबिटांत मावतं, म्हणजे तासभराच्या बडबडीला पंधरा एमबीच्या आसपास. ओपस नावाची जी पद्धत यासाठी सर्रास वापरली जाते ती 2012 साली प्रमाण म्हणून ठरली आणि ती कुणालाही फुकट वापरता येते. वाटेत एखादा तुकडा हरवला तर तो पुन्हा मागवत नाहीत. डेअरीची गाडी निघून गेल्यावर आणलेल्या दुधासारखी त्याची गत. उशिरा पोचलेला शब्द कामाचा नाही. त्यामुळे रेंज गेली की आवाज थांबत नाही, फाटतो. ‘‘माग... येतो...’’ एवढंच पोचतं आणि भाचा पडतो.

सगळा खेळ उशिराचा आहे. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघटनेच्या हिशेबाने एका बाजूचा उशीर 150 मिलिसेकंदांच्या आत राहिला तर बहुतेकांना बोलणं सहज वाटतं. त्यापलीकडे गेला की दोघं एकदम बोलतात, दोघं एकदम थांबतात. या दुखण्याची जुन्नर तालुक्याला जुनी ओळख आहे. नारायणगावजवळ आर्वीला 1971 साली देशातलं पहिलं व्यापारी उपग्रह भूकेंद्र सुरू झालं आणि परदेशचे फोन तिथल्या भल्या थोरल्या तबकडीवरून जाऊ लागले. उपग्रह छत्तीस हजार किलोमीटर उंच. शब्द वर जाऊन खाली यायला पाव सेकंद, त्याचं उत्तर यायला आणखी पाव. जुन्या लोकांना आठवत असेल, परदेशी फोनवर आपण ‘हॅलो’ म्हटल्यावर पलीकडे माणूस आहे की नाही अशी शंका येण्याइतकी शांतता पसरत असे. आज मढ ते मुंबई हे अंतर काचेच्या तारेतून कापायला प्रकाशाला एक मिलिसेकंदही लागत नाही. जो उशीर होतो तो फोनमध्ये, टॉवरवर आणि कानात होतो.

कानात म्हणजे काय, तर बिनतारी इअरफोनमध्ये. भाच्याने वाढदिवसाला ब्लूटूथचा जोड मागून घेतला होता. दिसायला झोकदार, पण त्यात आवाज मागे राहतो, आणि माइक सुरू केला की ऐकण्याचा आवाजही डब्यातून आल्यासारखा होतो. कारण ऐकणं आणि बोलणं दोन्ही एकदम करताना त्या यंत्रणेला सहसा हलक्या प्रतीवर उतरावं लागतं. आता तो बाजारात मिळणारा साधा तारेचा इअरफोन वापरतो. आणखी एक गोष्ट त्याने मला शिकवली, ती कुठल्याही फोनला लागू आहे. आपलाच आवाज आपल्याला परत ऐकू येत असेल तर दोष बहुधा आपल्याकडे नसतो. पलीकडच्याने फोन स्पीकरवर ठेवलेला असतो आणि त्याचा माइक आपला आवाज उचलून परत पाठवत असतो.

ही स्पीकरची गोष्ट नुसती तांत्रिक राहिली नाही, म्हणून सांगतो.

माइक सतत उघडा ठेवून खेळायची या मुलांना सवय. त्यामुळे घरातलं सगळं घाटाखाली ऐकू जाई, आणि बरेच दिवस त्याची गंमतच होती. एकदा तर घाटकोपरच्या पोराने तिकडून सांगितलं, ‘‘काकीला सांग, कुकरच्या चार शिट्ट्या झाल्या.’’ ताई आठवडाभर हे सगळ्यांना सांगत होती. पुढे एका संध्याकाळी ताई आणि दाजी स्वयंपाकघरात वडिलोपार्जित रानाच्या वाटणीचं बोलत बसले. धरणाकडची पट्टी कुणी घ्यायची, विहिरीच्या पाण्याचे वार कसे ठरवायचे, मुंबईच्या भावाने इतकी वर्षं रानात पाऊल टाकलं नाही, वगैरे. दारात भाचा खेळत होता, माइक उघडा. तिकडे घाटकोपरच्या दहा बाय बाराच्या खोलीत इअरफोनची तार तुटली म्हणून फोन स्पीकरवर, आणि शेजारी दाजींचे सख्खे भाऊ जेवायला बसलेले. ‘पाऊल टाकलं नाही’ हे वाक्य त्यांनी ताटावर ऐकलं.

गणपतीला ते गावी आले नाहीत. दाजींचं म्हणणं, मी काही खोटं बोललो नाही. भावाचं म्हणणं, बोलायचं तर तोंडावर बोलायचं. दोघांचंही बरोबर, त्यामुळे तोड निघायची कठीण. मोजणीचा अर्ज झाला आहे, मोजणी व्हायची आहे. मधल्या काळात दोन्ही घरची ही दोन पोरंच तेवढी रोज एकमेकांशी बोलत होती, हेही नोंदवायला हवं.

‘‘तू माइक बंद करायला विसरलास का?’’ असं मी भाच्याला विचारलं. तो म्हणाला, ‘‘विसरलो नाही मामा, तो चालूच असतो.’’ खरी मेख इथे आहे. माइक सतत उघडा, बोलताना बटण दाबून धरलं तरच उघडा, किंवा साफ बंद, अशी निवड यांतल्या बऱ्याच यंत्रणांत असते, पण मुलं पहिल्या दिवशी जे पडलं तेच वर्षानुवर्षं ठेवतात. बटण दाबून बोलणं पोलिसांच्या वॉकीटॉकीसारखं. बोट अडकतं, पण घर घरात राहतं. आवाज गाळण्याची सोय असते तिच्यावर विसंबू नये. ती पंख्याची घरघर गाळते, कधी कुकरही गाळते, पण माणसाचा आवाज ती मुद्दाम राखते, आणि तो आवाज खेळणाऱ्याचा की स्वयंपाकघरातला हे तिला नेमकं कळेलच असं नाही. घरातल्या मोठ्यांना एक खूण मात्र सहज पाहता येते. अँड्रॉइडच्या 2021नंतरच्या आवृत्त्यांत माइक चालू असला की पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात हिरवी खूण दिसते. आयफोनवर ती नारिंगी असते. ताईने एवढं एक शिकून घेतलं आहे. आत शिरताना ती आधी खूण पाहते.

आणि आवाज कुणाकुणाला जातो, हे तर माइकइतकंच पाहायला हवं. फक्त आपल्या गटाला, की आसपासच्या सगळ्यांना? काही खेळांत दोन्ही सोयी शेजारीशेजारी असतात आणि बोट एक रेघ सरकलं की आपण अनोळखी माणसांत बोलत असतो. चौथा गडी मिळाला नाही की खेळ स्वतःच कुणीतरी जोडून देतो. तो इंदूरचा असेल, पाटण्याचा असेल. मढच्या पोरांचं हिंदी अशाने भराभर सुधारलं हे खरं. पण सुरुवातीला त्या हिंदीवर जे हसणं झालं ते भाच्याने दोन दिवस कुणाला सांगितलं नव्हतं. मजकूर लिहून पाठवला तर माणूस कुठला हे कळत नाही. आवाजात गाव असतं, वय असतं, घरची ऐपतसुद्धा असते.

आणि मुलगी असते. हे मला भाचीने सांगितलं. ती बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि भावापेक्षा चांगली खेळते. हे भाऊही कबूल करतो, फक्त इतरांसमोर नाही. अनोळखी गटात ती माइक कधीच उघडत नाही. पूर्वी उघडत असे. एक वाक्य बोललं की क्षणभर सगळे गप्प, मग ‘‘लडकी है क्या?’’, मग नाव, गाव, नंबर, आणि उत्तर दिलं नाही की शिव्या. एकेकाचा आवाज बंद करता येतो, तक्रारही करता येते. पण तोवर डाव संपलेला असतो, असं ती म्हणाली. न बोलणाऱ्या गड्याला मग बाकीचे यंत्र समजतात. ‘‘बॉट आहे, सोडा त्याला,’’ म्हणून जखमी अवस्थेत टाकून पुढे जातात. म्हणजे बोललं तरी पंचाईत, न बोललं तरी पंचाईत.

यावर काही खेळवाल्यांनी विचार केलेला आहे. फेब्रुवारी 2019मध्ये आलेल्या एपेक्स लेजंड्समध्ये एका बोटाच्या स्पर्शाने ‘इथे शत्रू’, ‘इथे औषध’, ‘तिकडे चला’ अशा खुणा करायची इतकी चोख सोय होती की तोंड न उघडता गट चालवता येई. तिचं फार कौतुक झालं, आणि मुलींनी केलेलं कौतुक मला अधिक समजतं. भाची या खुणांवर वाकबगार आहे.

तिने वेगळीही वाट काढली. डिस्कॉर्ड हे बोलण्याचं माध्यम 2015 साली मुख्यतः खेळणाऱ्यांसाठीच निघालं; त्यात आपली खोली करायची आणि बोलावलेल्यालाच आत घ्यायचं. भाचीने तिच्या तीन मैत्रिणींची अशी खोली केली आहे. खेळातला माइक बंद, बोलणं या खोलीत. तिथे आरडाओरडा होतो तो मुलांपेक्षा तसूभरही कमी नाही, आणि परीक्षेच्या आधी तर विमानातून उडी मारायची वेळ टळते तरी जर्नल कुणाचं पूर्ण झालं याचीच चर्चा चालू असते. कधी एखादी मैत्रीण आली नाही तर चौथा गडी म्हणून भाच्याला घेतात. त्याला फक्त ऐकायची परवानगी आहे. माइक त्याने बंद ठेवायचा.