बडा दिन कुणाचा?

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

डिसेंबरची पंचवीस तारीख जवळ आली की एकाच सणाची तीन नावं आपल्या कानावर येतात. वर्तमानपत्रं 'नाताळ' म्हणतात, शाळेतली मुलं 'ख्रिसमस' म्हणतात आणि घरात दखनी बोलणारी आमच्यासारखी माणसं 'बडा दिन' म्हणतात. 'नाताळ' हा शब्द आपल्याला पोर्तुगिजांनी दिला. तो मूळचा लॅटिन, अर्थ जन्माचा दिवस. 'ख्रिसमस' म्हणजे जुन्या इंग्रजीत ख्रिस्ताची मिस्सा, त्या दिवसाची उपासना. 'बडा दिन' हे नाव मात्र इथल्याच माणसांनी ठेवलेलं.

ही माणसं कोण असतील, याचा अंदाज आमच्या भागात सहज येतो. आमचं हट्टा हिंगोली जिल्ह्यात येतं आणि या हिंगोलीत १९०३ पर्यंत हैदराबाद कंटिंजंटची छावणी होती. राज्य निजामाचं, फौजेचे अधिकारी इंग्रज आणि शिपाई हिंदुस्थानी. त्या काळी हिंदुस्थानात साहेबांच्या बंगल्यांवर बड्या दिनाला 'डाली' जायची. डाली म्हणजे फळं, फुलं, मिठाई, सुकामेवा यांनी भरलेली परडी. नोकरचाकर, कंत्राटदार, जमीनदार यांनी ती साहेबाला नजर करायची. सण साहेबाचा आणि देणं मात्र खालच्यानं वरच्याला! साहेबाच्या स्वतःच्या देशातही हा सण असाच होता का? हे समजून घ्यायचं तर त्याच्या मुळाशी जायला हवं.

येशूचा जन्म कोणत्या तारखेला झाला, हे बायबलमध्ये कुठंही लिहिलेलं नाही. पंचवीस डिसेंबरची जुनी नोंद सापडते ती रोममधली, इसवी सन ३३६ ची. हीच तारीख का, यावर अभ्यासकांची दोन मतं आहेत. रोमी पंचांगात हा वर्षातला सर्वांत लहान दिवस मानला जाई आणि इथून सूर्याचं बळ वाढतं, म्हणून ही तारीख घेतली, असं काही म्हणतात. दुसरे म्हणतात, मेरीला गर्भ राहिला तो पंचवीस मार्चला असं धरून त्यात नऊ महिने मिळवले.

इंग्लंडात ख्रिस्ती धर्म रुजण्याआधीपासून या दिवसांत 'यूल' नावाचा सण होता. त्याचं कारण तिथल्या हवेत आहे. आपल्याकडे भर डिसेंबरातही दिवस अकरा तासांच्या आसपास असतो. लंडनला तो आठ तासही भरत नाही. अशा अंधारात माणसं शेकोटी पेटवून एकत्र बसणार, खाणार-पिणार, हे ओघानंच आलं. इसवी सन ६०१ मध्ये पोप ग्रेगरी यांनी इंग्लंडातल्या धर्मप्रचारकांसाठी एक पत्र पाठवलं. लोकांची जुनी देवळं पाडू नका, आतल्या मूर्ती काढून तिथंच प्रार्थना करा आणि लोकांच्या मेजवान्या बंद न करता त्या देवाच्या नावानं होऊ द्या, असा त्याचा आशय होता. थोडक्यात, सणाचं नाव बदललं तरी चूल तीच राहिली.

पुढं मध्ययुगात हा सण बारा दिवसांचा झाला. शेतीची कामं थांबलेली असत. गरीब कुळं गाणी म्हणत जमीनदाराच्या दारात जात आणि 'वासेल' करत. या शब्दाचा मूळ अर्थ 'प्रकृती ठणठणीत राहो'. असा आशीर्वाद दिला की जमीनदारानं खायला-प्यायला घालायचंच, असा रिवाज होता. आपल्याला हे समजायला अवघड नाही. दिवाळीची पोस्त मागायला येणारा माणूस भीक मागत नाही, आपला हक्क मागतो. तसंच ते होतं.

सतराव्या शतकात या सणावर संक्रांत आली. प्युरिटन पंथाच्या लोकांच्या हाती सत्ता गेली. नाताळला बायबलचा आधार नाही, तो दारू पिऊन धिंगाणा घालायचा दिवस आहे, असं म्हणून १६४७ मध्ये इंग्लंडच्या पार्लमेंटनं तो कायद्यानं बंद केला. दुकानं उघडी ठेवा, असा हुकूम निघाला. कँटरबरी गावात त्या पंचवीस डिसेंबरला लोकांनी उघडी दुकानं फोडली. १६६० मध्ये राजा परत आला आणि सणही परतला.

इथं मराठी माणसाला एक गोष्ट आठवावी. थॉमस स्टीफन्स नावाचा इंग्रज कॅथलिक १५७९ मध्ये गोव्यात आला. फादर स्टीफन्स म्हणून आपण त्यांना ओळखतो. त्यांचं 'ख्रिस्तपुराण' १६१६ मध्ये छापलं गेलं. म्हणजे इंग्लंडात येशूचा जन्मदिवस साजरा करायला बंदी आली, त्याच्या एकतीस वर्षं आधी एका इंग्रजानं ती जन्मकथा मराठी ओवीत सांगून ठेवली होती.

दुसरा घोळ पंचांगाचा. जुनं रोमी पंचांग सूर्याच्या मागं पडत गेलं म्हणून युरोपातल्या कॅथलिक देशांनी १५८२ मध्ये ते दुरुस्त केलं. इंग्लंडनं ते मानायला १७५२ साल उजाडलं. त्या वर्षी दोन सप्टेंबरनंतर एकदम चौदा सप्टेंबर आला. अकरा तारखा गेल्या! मग खरा नाताळ कोणता, यावर गावोगाव वाद झाले आणि कितीतरी लोक जुन्याच दिवशी सण करत राहिले. सणासाठी दोन पंचांगं दोन तारखा सांगतात, तेव्हा आपल्याकडे काय होतं हे आपण जाणतोच. आपली संक्रांतही एके काळी उत्तरायणाच्या दिवशीच येत असे. आपलं पंचांग नक्षत्रांवर चालतं, म्हणून ती साधारण बहात्तर वर्षांना एक दिवस सरकत आता चौदा-पंधरा जानेवारीवर आली आहे. आमची ईद तर चंद्राची. ती दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येत तेहेतीसेक वर्षांत सगळे ऋतू फिरून येते. तारीख पवित्र खरी, पण ती हलत असते.

आज आपण ज्याला पारंपरिक इंग्रजी ख्रिसमस म्हणतो, तो बराचसा एकोणिसाव्या शतकातला. झाड जर्मनीचं. राणी व्हिक्टोरियाचं कुटुंब सजवलेल्या झाडाभोवती उभं आहे, असं चित्र १८४८ मध्ये एका लंडनी साप्ताहिकात छापून आलं आणि झाड घरोघर गेलं. पहिलं छापील शुभेच्छापत्र १८४३ चं. इंग्लंडचा जुना 'फादर ख्रिसमस' हा मोठ्या माणसांच्या खाण्यापिण्याचा म्होरक्या होता. मुलांना खेळणी वाटणारा सांताक्लॉज अमेरिकेतून आला आणि दोघं एक झाले.

पण त्या काळात एक मोठी गोष्ट हरवतही होती, ती म्हणजे सुटी. बँक ऑफ इंग्लंड आधी वर्षाला सुमारे तेहेतीस सणांच्या सुट्या पाळत असे. १८३४ मध्ये त्यातल्या फक्त चार उरल्या. गिरण्यांचं युग होतं. बारा दिवसांचा सण एका दिवसावर आला आणि तो दिवसही मागून घ्यावा लागे. १८४३ च्या डिसेंबरात चार्ल्स डिकन्सची 'अ ख्रिसमस कॅरोल' प्रसिद्ध झाली. तिच्यातला कंजूष मालक आपल्या कारकुनाला नाताळची एक दिवसाची पगारी सुटी देतानाही कुरकुरतो. पाच-सहा दिवसांत सहा हजार प्रती खपल्या, कारण तो कारकून वाचकांच्या ओळखीचा होता. पुढं १८७१ च्या कायद्यानं सव्वीस डिसेंबरचीही सुटी मिळाली. हा 'बॉक्सिंग डे'. मुष्टियुद्धाशी त्याचा काही संबंध नाही. नोकरचाकर, पोस्टमन, दुकानातली पोरं यांना बक्षिशी द्यायची, तिला 'ख्रिसमस बॉक्स' म्हणत.

म्हणजे बघा, साहेब आपल्या देशात नाताळला नोकराला देत होता आणि इथं नोकराकडून घेत होता. समुद्र ओलांडताना झाड तेच राहिलं, केक तोच राहिला. देण्याची दिशा तेवढी उलटली. सण कुणाचा, हे मला वाटतं या दिशेवरून ओळखावं.

आपल्याच व्यवसायातलं म्हणून एक सांगतो. नाताळला इंग्लंडच्या राजानं रेडिओवरून बोलायचं, ही प्रथा १९३२ ची. पंचम जॉर्जचं ते पहिलं भाषण लिहून दिलं होतं मुंबईत जन्मलेल्या रुडयार्ड किपलिंगनं. आज ती प्रथा फार पुरातन वाटते.

परंपरा अशाच घडतात. वसईपासून अहमदनगरपर्यंत मराठी ख्रिस्ती घरांतून शेजाऱ्यांकडे फराळाचं ताट जातं आणि त्यात आपल्याच करंज्या असतात. ईदची नमाज होण्याआधी फितरा द्यायचा असतो, म्हणजे गरिबाच्या घरीही त्या दिवशी चूल पेटावी. संक्रांतीचा तिळगूळ हातावर ठेवताना समोरचा कोण, हे विचारायचं नसतं. येत्या पंचवीस तारखेला सुटी आपल्याला आहे. आपल्या घरी भांडी घासायला येणाऱ्या बाईला ती आहे का, एवढं मात्र विचारून बघावं.