दिवसभर राबतो, मग व्यायाम कशाला?

कोडोलीच्या आम्ही बचत गटातल्या बायका आज तुमच्याशी मनाबद्दल बोलणार आहोत, आणि मनाच्या जोडीनं हातापायांबद्दल. हातातलं काम चालू राहू दे, कान तेवढा इकडे द्या.

गटाच्या बैठकीत व्यायामाचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो. "पहाटे उठून शेण-घाण काढतो, धार काढतो, भाकरी थापतो, दिवसभर भांगलतो, सांजच्याला डोक्यावरनं वैरणीचा भारा आणतो. आणखी कसला व्यायाम सांगताय?" प्रश्न रास्त आहे. तो हसण्यावारी न्यायचा नाही. आज त्याचंच उत्तर शोधू.

आधी मनाच्या दुखण्याचं बोलू. आपण त्याला नैराश्य किंवा चिंतारोग म्हणत नाही. आपण म्हणतो, जिवाला घोर लागलाय. कशात जीव लागत नाही. काळीज धडधडतं. डोकं जड झालंय. रात्री दोनला जाग येते ती परत झोप नाही. ऊसबिल कधी येणार, पोरीचं लग्न कसं जमणार, वारणेचं पाणी यंदा रानात कुठवर येणार, सोसायटीचं कर्ज कसं फिटणार. घोर लागायला कारणं खरी असतात. पण कारण खरं असलं तरी तो घोर महिनोन् महिने अंगात मुरला की त्याचं दुखणं होतं. जागतिक आरोग्य संघटना सांगते, की नैराश्य पुरुषांपेक्षा बायकांत जवळपास दीडपट आढळतं. म्हणजे हे एका घरातलं, एका बाईचं लाजेचं गुपित नाही.

आता त्या प्रश्नाकडे येऊ. राबणं आणि व्यायाम एकच का नाही?

एक उदाहरण आपल्या तालुक्यातलंच घ्या. माघात रविवारी जोतिबाचे खेटे असतात. माणसं पहाटेच्या अंधारात वाडी रत्नागिरीच्या डोंगराकडे चालू लागतात, कित्येक अनवाणी. चढ चढून, दर्शन घेऊन परत येईतोवर पाय भरून येतात, पोटऱ्या दुखतात. पण खेटा करून आलेल्या बाईला विचारा, ती म्हणते, "पाय दुखतायत, पण जीव हलका झाला." आता तेवढेच तास तीच बाई वाकून भांगलली, तर सांजच्याला काय म्हणते? "कंबर गेली, डोकं उठलं, कुणाशी बोलू नये असं वाटतंय." पाय तेच, कंबर तीच, घामही तितकाच. मग फरक कुठला?

पहिला फरक मर्जीचा. खेट्याला आपण आपल्या मनानं जातो. भांगलायला जावंच लागतं. दुसरा फरक चालीचा. चालताना सगळं अंग हलतं, श्वास खोल जातो, दमलं की वाटेत टेकता येतं. भांगलताना तासन् तास एकाच जागी कंबर मोडलेली, छाती दबलेली, तेच तेच स्नायू ओढलेले आणि ओळ पुरी केल्याशिवाय उठायची सोय नाही. तिसरा फरक मनाचा. चालताना नजर डोंगराकडे, देवाकडे, सोबतिणीच्या बोलण्याकडे असते. कामात हात खुरप्यावर आणि मन मात्र घरच्या कटकटीत. चौथा फरक विसाव्याचा. खेटा संपला की संपला. घरचं काम संपत नाही, भांगलून आलं की चूल वाट बघत असते.

हे आमच्याच मनचं नाही. हालचाल आणि मन यांच्यावर देशोदेशी झालेले बरेच अभ्यास एकत्र करून पाहिले, तेव्हा असंच दिसलं. फावल्या वेळात आपखुशीनं केलेली हालचाल करणाऱ्यांत मनाचे त्रास कमी आढळले. पोटापाण्यासाठी करावी लागणारी अंगमेहनत करणाऱ्यांत तसा फायदा दिसला नाही, उलट काही ठिकाणी त्रास जास्तच दिसला. म्हणून राबणाऱ्या बाईला व्यायाम लागत नाही, ही समजूत खरी नाही. तिला राबणं कमी आणि स्वतःसाठीची हालचाल थोडी, अशी दोन्हीची गरज आहे.

आता अंगात नेमकं काय होतं ते बघू.

समजा रानात अचानक साप दिसला. छाती धडधडते, श्वास जोरात चालतो, हातपाय ताठ होतात, तोंडाला कोरड पडते. पळून जायला अंग तयार होतं. हे काम ॲड्रेनलिन आणि कॉर्टिसोल नावाच्या द्रव्यांचं. साप गेला की काही वेळानं सगळं निवतं. पण घोर लागलेल्या बाईचा साप जातच नाही. बँकेची नोटीस, दारूडा नवरा, पोराची नोकरी, हे साप घरातच असतात. अंग सतत पळायच्या तयारीत राहतं, पळत मात्र कुठंच नाही. मग मान आवळते, पोट बिघडतं, झोप उडते.

भरभर चाललं किंवा झिम्मा धरला की त्या तयार झालेल्या अंगाला काम मिळतं. आवळलेले स्नायू वापरले जातात आणि नंतर सैल पडतात. मेंदूत वेदना कमी करणारी आणि बरं वाटायला लावणारी द्रव्यं तयार होतात. रोजची सवय झाली की रात्रीची झोप गाढ लागते, आणि झोप सुधारली की निम्मी चिडचिड तिथंच कमी होते.

आणखी एक गोष्ट, ज्यांना अचानक भीतीचा झटका येतो त्यांच्यासाठी. छातीत धडधडलं की त्यांना वाटतं, आता माझं काही खरं नाही. त्या भीतीनं धडधड आणखी वाढते. चढ चढतानाही तशीच धडधड होते, घाम येतो, धाप लागते, पण थोडं थांबलं की सगळं निवतं. असं वारंवार झालं की मनाला उमगतं, धडधड म्हणजे मरण नव्हे. मग तिची दहशत हळूहळू ओसरते. फक्त छातीतली धडधड पहिल्यांदाच आली असेल, तर ती मनाची आहे की हृदयाची, हे डॉक्टरांनी ठरवू दे. आपण नाही.

व्यायामानं खरंच गुण येतो का, असं कुणी विचारलं तर हा अभ्यास सांगा. अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठाचा, १९९९ साली छापून आलेला. नैराश्याचं निदान झालेली ५० आणि त्याहून जास्त वयाची १५६ माणसं घेतली. एका गटाला व्यायाम, दुसऱ्याला गोळ्या, तिसऱ्याला दोन्ही. व्यायाम म्हणजे आठवड्यातून तीनदा देखरेखीखाली भरभर चालणं किंवा हळू पळणं. १६ आठवड्यांनी तिन्ही गट जवळपास सारखेच सुधारले होते. गोळ्यांचा गुण लवकर दिसला, व्यायामाचा सावकाश. म्हणून पहिल्या चार दिवसांत काही वाटलं नाही तर सोडून द्यायचं नाही.

किती करायचं? जागतिक आरोग्य संघटनेनं २०२० साली सांगितलेलं माप असं: आठवड्याला १५० ते ३०० मिनिटं मध्यम हालचाल, आणि दोन दिवस स्नायू बळकट करणारा व्यायाम. १५० मिनिटं म्हणजे पाच दिवस रोज अर्धा तास. तो अर्धा तास सलग मिळाला नाही तरी चालतो, दहा-दहा मिनिटं तीनदा केली तरी जमेत धरायची. आणि थोडं केलं तरी काहीच न करण्यापेक्षा बरं. मध्यम म्हणजे केवढं, हे कळायला घड्याळ नको. चालताना बोलता येतं पण ओवी म्हणता येत नाही, एवढा दम लागला की माप बरोबर.

कोडोलीत किंवा तुमच्या गावात हे बसवायचं कसं? एकटीनं सुरू केलं की आठ दिवसांत सुटतं. चौघी-पाचजणींनी मिळून ठरवा. सकाळी डेअरीला दूध घालायला जाताच ना, तिथूनच पुढं पंधरा मिनिटं भरभर जायचं आणि परत यायचं. रिकामी किटली एका घरी ठेवा. गळीत हंगामात उसाच्या ट्रॉल्या रात्रंदिवस धावतात, तेव्हा मोठा रस्ता टाळा, पाणंदीनं किंवा शाळेच्या मैदानात फिरा. अंधार असेल तर हातात बॅटरी आणि अंगात फिकट रंगाचं काहीतरी. पायांत नीट बसणारी चप्पल किंवा बूट हवेत, सटकणारी स्लीपर नको.

चालायला जमत नसेल तर आपल्या आज्या-पणज्यांनी ठेवलेलं आहेच की. कोल्हापूरला तालमींचं केवढं कौतुक! राजर्षी शाहू महाराजांनी कुस्तीला आसरा दिला, १९१२ साली खासबागचं मैदान उभं राहिलं. तालमीत पोरं घाम गाळायची, आणि तिथंच त्यांना दोस्त मिळायचे, मन मोकळं करायला जागा मिळायची. बाईची तालीम कुठली? ती होती पंचमीचे झोके, गौरीच्या रात्रीचा झिम्मा, फुगडी, पिंगा. त्यात पाय हलायचे, दम लागायचा, आणि गाण्यातून सासरची गाऱ्हाणीही सांगून व्हायची. व्यायाम, सोबत आणि मन मोकळं करणं, तिन्ही एकाच फेरात. आता हे खेळ वर्षातून एकदा, तेही स्पर्धेपुरते उरलेत. आमचं म्हणणं एवढंच, की गटाची बैठक सुरू होण्याआधी दहा मिनिटं झिम्मा धरा. हप्त्याचे पैसे नंतर मोजू.

ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी उड्या मारू नयेत. खुर्चीवरनं हात न टेकता दहादा उठा-बसा, भिंतीला हात लावून दंड काढल्यासारखं ढकला, एवढ्यानंही ताकद येते. शेवटी पाच मिनिटं शांत बसून श्वास घ्या. घेतलेल्यापेक्षा सोडलेला श्वास लांब ठेवा, त्यानं अंग निवतं.

आता काही सावधगिरीच्या गोष्टी.

जिला चार पावलं चालून धाप लागते, डोळ्यांपुढं अंधारी येते, तिनं आधी रक्त तपासावं. २०१९ ते २१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या राज्यातल्या १५ ते ४९ वयाच्या निम्म्याहून जास्त बायकांच्या अंगात रक्त कमी आढळलं. रक्त कमी असलं की मनही मरगळतं. थायरॉईड बिघडला तरी तसंच. तिथं नुसत्या व्यायामानं भागत नाही, औषध लागतं. अंग बाहेर येण्याचा त्रास असेल, खोकताना लघवी सुटत असेल, दिवस गेलेले असतील किंवा नुकतंच बाळंतपण झालं असेल, तर आशाताईला, डॉक्टरांना विचारूनच सुरू करा. चालताना छातीत कळ आली तर लगेच थांबा आणि दवाखाना गाठा.

मनाच्या गोळ्या चालू असतील तर व्यायाम सुरू केला म्हणून त्या आपल्या मनानं बंद करायच्या नाहीत. व्यायाम गोळ्यांच्या जोडीला असतो. आणि एखादी सखी म्हणू लागली, "जगून काय करू," तर तिला चालायला चल म्हणून विषय संपवू नका. तिच्याजवळ बसा, तिला एकटी सोडू नका, घरातलं औषध-फवारणीचं सामान कुलपात ठेवा. सरकारच्या टेली-मानस सेवेचा १४४१६ हा नंबर दिवसरात्र चालू असतो, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलता येतं. कोल्हापुरात सीपीआरमध्ये मानसोपचाराचे डॉक्टर आहेत. तिथं जाणं म्हणजे वेड लागणं नव्हे.

आणि घरात मार बसत असेल, तर त्यावरचा इलाज तिनं रोज चालणं हा नाही. त्रास देणाऱ्याला थांबवणं हा आहे. तिथं गटानं पाठीशी उभं राहायचं.

शेवटी खरी अडचण बोलू. बहुतेक बायकांना व्यायाम पटतो, वेळ मिळत नाही. आणि वेळ मागायची लाज वाटते. पोरगा मैदानावर गेला, मालक पारावर बसले, तर कुणी विचारत नाही. बाई अर्धा तास फिरायला निघाली की वेस ओलांडायच्या आत चार जण विचारतात, "कुठं निघालीस?" आमच्यातल्या एका वैनीनं यावर साधं उत्तर शोधलं. ती सांगते, "औषध घ्यायला." खोटं नाही ते. पण हे उत्तर एकट्या बाईच्या जिवावर सोडू नका. घरात बोलून ठरवा: सकाळचा अर्धा तास चहाचं आणि म्हशीचं कोण बघणार. सासूबाईंनाही बरोबर घ्या, त्यांच्याही जिवाला घोर असतोच.

तर या आठवड्याचं काम सांगतो. गटातल्या चौघींनी जोडी जमवा. पाच दिवस, रोज वीस मिनिटं. चालायच्या आधी आणि नंतर मन किती जड आहे ते दहापैकी आकड्यात सांगा, कुणीतरी वहीत टिपून ठेवा. महिन्याभरानं ती वही बैठकीत उघडा आणि बघा. गुण आला तर शेजारच्या गटाला सांगा. आला नाही, आकडा खालीच येत नसेल, तर त्या सखीला घेऊन डॉक्टरकडे जा. वही दोन्हीसाठी कामाची आहे.

बरं आहे मग. जपून राहा, भेटू पुढच्या वेळी.