ट्रॉम्बेची भट्टी, विशाखापट्टणमची पाणबुडी

नवी मुंबईकर रोज ज्या खाडीवरून ये-जा करतात तिच्या पश्चिम काठावर ट्रॉम्बेची टेकडी आहे आणि टेकडीच्या पायथ्याशी भाभा अणुसंशोधन केंद्र. जानेवारी २०२४मध्ये अटल सेतू खुला झाला, तेव्हा या केंद्राच्या बाजूने काही अंतरापर्यंत उंच आडोसे उभारलेले दिसले. समुद्र बघायला काचेला नाक लावून बसलेली मुलं नेमकी तिथे हिरमुसतात. आडोशापलीकडे चालणाऱ्या कामांची यादी लांबलचक आहे. भुईमुगाची सुधारित वाणं तिथे तयार झाली, कर्करोगावरच्या उपचारांचं भाभाट्रॉन हे यंत्र तिथलंच. आणि भारताच्या पहिल्या स्वदेशी अणुपाणबुडीला, म्हणजे आयएनएस अरिहंतला चालवणाऱ्या अणुभट्टीचा आराखडाही याच केंद्रातल्या लोकांनी केला. पाणबुडी मात्र या किनाऱ्यावर नाही. ती पार पूर्वेला, विशाखापट्टणमला बांधली गेली. असं का, हे समजून घ्यायचं तर सुरुवात डिझेलपासून करावी लागते.

डिझेल पाणबुडीची अडचण

माझगाव डॉकमध्ये बांधलेल्या कलवरी, खांदेरी, करंज, वेला, वागीर आणि वागशीर या सहाही पाणबुड्या डिझेल-विद्युत जातीच्या आहेत. पाण्याखाली त्या बॅटरीवर चालतात. बॅटरी उतरली की डिझेल इंजिन सुरू करायचं आणि इंजिनाला हवा लागते. म्हणून पृष्ठभागाजवळ येऊन हवेची नळी वर काढावी लागते. तेवढा वेळ इंजिनाचा आवाज, धूर आणि पाण्याबाहेर आलेली नळी, तिन्ही गोष्टी शत्रूच्या विमानाला चुगली करतात. अगदी संथ चालीने गेलं तर बॅटरी काही दिवस पुरते; पूर्ण वेगाने पळालं तर काही तासांतच संपते. थोडक्यात, डिझेल पाणबुडी दबा धरून बसण्यात पटाईत आहे, लांब पल्ल्याच्या पाठलागात नाही.

दबा धरणं कमी घातक असतं असं कुणी समजू नये. ९ डिसेंबर १९७१च्या रात्री दीवजवळच्या समुद्रात पाकिस्तानच्या हंगोर या डिझेल पाणबुडीने आयएनएस खुकरी बुडवली. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला जहाजाबरोबरच गेले आणि त्यांच्यासह १८ अधिकारी व १७६ नौसैनिक प्राणाला मुकले.

भट्टीने काय बदललं

अणुभट्टीला हवा लागत नाही. युरेनियमच्या विखंडनातून उष्णता निघते, त्या उष्णतेने पाणी तापतं. हे पाणी इतक्या दाबाखाली ठेवलेलं असतं की ३०० अंशांच्या आसपासही ते उकळत नाही; तत्त्व स्वयंपाकघरातल्या कुकरचंच, फक्त दाब कित्येक पटींनी जास्त. हे तप्त पाणी नळ्यांमधून फिरतं आणि दुसऱ्या, वेगळ्या चक्रातल्या पाण्याची वाफ करतं. वाफ टर्बाइन फिरवते, टर्बाइन गिअरबॉक्समधून पंखा. किरणोत्सारी पाणी आणि टर्बाइनकडे जाणारी वाफ यांची भेट होत नाही, ही या रचनेची जमेची बाजू.

इंधन वर्षानुवर्षं पुरतं. भट्टीच्या विजेवर समुद्राचं पाणी गोडं करता येतं, पाण्याचं विघटन करून प्राणवायू मिळवता येतो. मग पाणबुडीला वर यायला भाग पाडणाऱ्या गोष्टी दोनच उरतात : शिधा आणि माणसांची सहनशक्ती. वेगही मोठा. आजच्या हल्लेखोर अणुपाणबुड्या ताशी २५ ते ३० सागरी मैल, म्हणजे ५० किलोमीटरच्या आसपासचा वेग दिवसेंदिवस टिकवू शकतात.

१७ जानेवारी १९५५ला अमेरिकेची नॉटिलस ही पहिली अणुपाणबुडी भट्टीच्या जोरावर निघाली आणि ३ ऑगस्ट १९५८ला बर्फाखालून उत्तर ध्रुव ओलांडून गेली. आज अशा पाणबुड्या चालवणारे देश सहा आहेत : अमेरिका, रशिया, ब्रिटन, फ्रान्स, चीन आणि भारत. ब्राझील स्वतःची बांधतो आहे. ऑस्ट्रेलियाने २०२१मध्ये अमेरिका आणि ब्रिटनशी करार करून सातवा नंबर लावला आहे.

ट्रॉम्बेपुढचं कोडं

ट्रॉम्बेला भट्ट्या नव्या नव्हत्या. ‘अप्सरा’ ४ ऑगस्ट १९५६लाच सुरू झाली होती. पण आपल्या बहुतेक अणुवीज केंद्रांत नैसर्गिक युरेनियम आणि जड पाणी वापरतात. तारापूरचे तिसरा आणि चौथा संच त्याच पद्धतीचे. नैसर्गिक युरेनियममध्ये सहज विखंडन होणारा अंश जेमतेम ०.७ टक्के असतो, त्यामुळे भट्टीचा गाभा मोठा ठेवावा लागतो. जमिनीवर ते चालतं. पाणबुडीच्या अरुंद नळकांड्यात तशी भट्टी मावतच नाही. तिथे साधं पाणी आणि समृद्ध केलेलं युरेनियम हवं, म्हणजे देशाचा नेहमीचा अनुभव बाजूला ठेवून वेगळ्या वाटेने जाणं आलं. शिवाय ही भट्टी हेलकावे खाणार, तिरकी होणार, जवळ स्फोट झाला तर हादरे सोसणार, आणि कप्तानाने वेग मागितला की तिला झटपट शक्ती वाढवावी लागणार. तारापूरच्या भट्टीवर यातली कोणतीच वेळ येत नाही.

१९७०च्या दशकातले सुरुवातीचे प्रयत्न फसले. आराखडे नौदलाच्या पसंतीला उतरले नाहीत आणि शास्त्रज्ञ व नौदल यांच्यात खटके उडाले. या वादातलं एक कडवट प्रकरण पुढे मुंबईत घडलं. कॅप्टन बी. के. सुब्बाराव हे नौदलातले अभियंते. जहाजावरच्या अणुशक्तीवर त्यांनी आयआयटी मुंबईत पीएचडी केली होती आणि अणुशास्त्रज्ञांच्या आराखड्यांवर उघड टीका केली होती. निवृत्तीनंतर, मे १९८८मध्ये, अमेरिकेला निघालेले असताना मुंबई विमानतळावर त्यांना अटक झाली. गुपितं बाहेर नेत असल्याचा आरोप होता. सुमारे २० महिने ते तुरुंगात राहिले. पुढे न्यायालयांत आरोप टिकले नाहीत. गुप्ततेच्या नावाखाली तांत्रिक मतभेदाचं काय होऊ शकतं, याचा हा दाखला या प्रकल्पाच्या इतिहासातून वगळता येत नाही.

त्याच वर्षी सोव्हिएत संघाकडून तीन वर्षांच्या भाडेकरारावर आलेली आयएनएस चक्र विशाखापट्टणमला पोहोचली. भट्टी सांभाळणं म्हणजे काय, हे आपल्या नौसैनिकांना तिच्यावर प्रत्यक्ष शिकायला मिळालं. चक्र नावाची दुसरी रशियन पाणबुडी २०१२ ते २०२१ या काळात आपल्याकडे होती.

अखेर कल्पाक्कमला, जमिनीवरच, पाणबुडीच्या सांगाड्याचा अर्धा भाग उभारून त्यात नमुना भट्टी बसवली गेली. २००३मध्ये तिच्यात शृंखला अभिक्रिया सुरू झाली. २००९च्या ऑगस्टपर्यंत याची जाहीर वाच्यता नव्हती. इंधनासाठीचं युरेनियम म्हैसूरजवळच्या रत्तेहळ्ळीच्या कारखान्यात समृद्ध होतं. सांगाडा लार्सन अँड टुब्रोने हजिऱ्यात घडवला, तर गिअरबॉक्स आपल्या इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरचा. साखर कारखान्यांची यंत्रं करत मोठ्या झालेल्या गावाने पाणबुडीचे दाते कापले, ही गोष्ट पुणे जिल्ह्यातही फारशा लोकांना ठाऊक नाही. भाभा केंद्राचे संचालक आणि नंतर अणुऊर्जा आयोगाचे अध्यक्ष असलेले अनिल काकोडकर यांचा या सगळ्यात मोठा वाटा. भट्टी लहान करण्यात रशियन सल्लागारांची मदत झाली, हेही त्यांनी मोकळेपणाने सांगितलं.

२६ जुलै २००९ला अरिहंतचं जलावतरण झालं, तत्कालीन पंतप्रधानांच्या पत्नी गुरशरण कौर यांनी नारळ फोडला. १० ऑगस्ट २०१३ला तिची भट्टी सुरू झाल्याची घोषणा झाली. आनंद चार दिवस टिकला. १४ ऑगस्टला, मध्यरात्र उलटताच, मुंबईच्या नौदल गोदीत सिंधुरक्षक ही डिझेल पाणबुडी स्फोटांनी फुटली आणि १८ नौसैनिक गेले. त्या दुर्घटनेचा अणुशक्तीशी काही संबंध नव्हता. आतली स्फोटकं पेटली होती. भट्टी असो वा नसो, पाणबुडीच्या नळकांड्यात माणसं दारूगोळ्याला खेटून राहतात.

दोन जाती, दोन कामं

अणुपाणबुड्यांच्या दोन मुख्य जाती आहेत आणि बातम्यांमध्ये त्यांची सर्रास गल्लत होते.

पहिली हल्लेखोर. तिचं काम शत्रूची जहाजं आणि पाणबुड्या हुडकणं, आपल्या विमानवाहू नौकेच्या पुढे राहून वाट मोकळी ठेवणं. तिचा धाक कसा असतो ते १९८२च्या फॉकलंड युद्धात दिसलं. २ मे रोजी ब्रिटनच्या काँकरर या अणुपाणबुडीने अर्जेंटिनाची जनरल बेलग्रानो ही क्रूझर बुडवली. ३२३ माणसं मेली. त्यानंतर अर्जेंटिनाची मोठी जहाजं किनाऱ्यालगतच राहिली. एका पाणबुडीने आख्खं नौदल घरी बसवलं.

दुसरी जात अण्वस्त्रं वाहणारी. अरिहंत आणि २९ ऑगस्ट २०२४ला नौदलात दाखल झालेली अरिघात या त्या जातीच्या. त्यांनी लढाईत उतरायचं नसतं, लपून राहायचं असतं. भारताचं धोरण अण्वस्त्र आधी न वापरण्याचं आहे. पहिला घाव सोसल्यावरही प्रत्युत्तर देता येईल याची शत्रूला खात्री असेल तरच त्या धोरणाला वजन येतं. तळ आणि विमानतळ उपग्रहाला दिसतात, खोल पाण्यातली पाणबुडी दिसत नाही. अरिहंतची पहिली गस्त पूर्ण झाल्याचं नोव्हेंबर २०१८मध्ये जाहीर झालं. तिची के-१५ क्षेपणास्त्रं मात्र जेमतेम ७५० किलोमीटर जातात. ३,५०० किलोमीटर पल्ल्याच्या के-४ची चाचणी अरिघातवरून नोव्हेंबर २०२४मध्ये झाली. माझ्या मते खरा टप्पा हा होता. तोवर पाणबुडी होती, पण हात आखूड होता.

हल्लेखोर जातीची स्वदेशी अणुपाणबुडी आपल्याकडे अजून एकही नाही. दोन बांधायला ऑक्टोबर २०२४मध्ये सरकारने मंजुरी दिली आणि पहिली २०३६-३७च्या सुमारास येईल असं नौदलप्रमुखांनी त्याच वर्षाअखेरीस सांगितलं.

मोडीत काढण्याचं लचांड

जुनी डिझेल पाणबुडी भंगारात जाते किंवा विशाखापट्टणमच्या कुरसुरासारखी संग्रहालय होते. अणुपाणबुडीचं तसं होत नाही. इंधन काढावं लागतं आणि भट्टीचा किरणोत्सारी भाग पिढ्यान्‌पिढ्या सांभाळावा लागतो. ब्रिटनच्या २०हून अधिक निवृत्त अणुपाणबुड्या धक्क्यांवर उभ्या आहेत. पहिली मोडायचं काम आता कुठे चालू आहे. आपल्याकडे ही वेळ यायला अवकाश आहे. तरी खर्चाच्या आकड्यांत हा शेवटचा खर्च कुठे दिसत नाही, हे खटकतं.

मुंबईच्या वाट्याला काय

मुंबईसमोरचा समुद्र उथळ आहे. मुंबई हायचं तेलक्षेत्र किनाऱ्यापासून सुमारे १६० किलोमीटरवर, आणि तिथेही पाणी जेमतेम ७५ मीटर खोल. अरिहंतची लांबी सुमारे ११० मीटर. तिथे ती उभी केली तर एक टोक पाण्याबाहेर येईल. सुमारे ६,००० टनांच्या पाणबुडीला बुडी मारून गुपचूप निसटायला खोली हवी आणि बंगालच्या उपसागरात विशाखापट्टणमहून ती बरीच जवळ मिळते. उथळ, जहाजांनी गजबजलेल्या पाण्यात लहान आणि बॅटरीवर अगदी शांत चालणारी डिझेल पाणबुडीच सरस ठरते. अणुभट्टीचे पंप सहसा पूर्ण थांबवता येत नाहीत, त्यांची घरघर थोडीफार राहतेच.

म्हणून पश्चिम किनाऱ्यावर कलवरी वर्गाचं महत्त्व कमी झालेलं नाही. तिची अडचण हवेची, आणि त्यावरचा उपाय नव्या मुंबईपासून फार लांब नाही. अंबरनाथला डीआरडीओची नौदल सामग्री संशोधन प्रयोगशाळा आहे. तिने इंधनघटांवर चालणारी अशी यंत्रणा विकसित केली आहे की वातावरणातली हवा न घेता पाणबुडीत वीज तयार व्हावी. मार्च २०२१मध्ये तिची जमिनीवरची चाचणी यशस्वी झाली. जगात अशा यंत्रणा असलेल्या पाणबुड्या संथ चालीने साधारण दोन आठवडे पाण्याखाली राहतात. अणुशक्तीची बरोबरी यात नाही, पण अरबी समुद्रात पुष्कळदा तेवढं पुरतं. डिसेंबर २०२४मध्ये संरक्षण मंत्रालयाने माझगाव डॉकशी सुमारे १,९९० कोटी रुपयांचा करार केला. त्यानुसार या यंत्रणेचा स्वतंत्र भाग तयार होईल. तो बसवायचा तर गोदीत घेतलेली पाणबुडी आधी आडवी कापावी लागेल, मधे नवा तुकडा घालावा लागेल आणि खोल पाण्याचा दाब सोसेल असं वेल्डिंग करून ती पुन्हा जोडावी लागेल.