मिग–२१

सोव्हिएट बनावटीचे एकआसनी, एका एंजिनाचे स्वनातीत लढाऊ विमान. १९६३ ते २०२५ या काळात ते भारतीय वायुसेनेत होते आणि त्याचे तीन प्रकार नासिकजवळील ओझर येथे तयार झाले. मिकोयान व गुरेविच या अभियंत्यांच्या नावांवरून ‘मिग’ हे नाव आले. दोघेही पॉलिकार्पोव्ह यांच्या हाताखाली काम केलेले. तेथील आय–१५३ या द्विपंखी लढाऊ विमानाच्या कामात मिकोयान यांचा वाटा होता. त्या द्विपंखी विमानापासून मिग–२१ च्या त्रिकोणी पंखांच्या आद्य नमुन्यापर्यंत (१९५५) दोन दशकेही लोटली नाहीत.

रचना : शत्रूचे बाँबफेकी विमान दिसताच वेगाने उंची गाठून त्यास अडवावे, एवढ्या एकाच कामासाठी हे विमान आखले गेले. पंख त्रिकोणी व अतिशय पातळ असून त्यांची कड ५७° मागे झुकलेली आहे. पंखविस्तार जेमतेम ७.१५ मी. आहे. हवा नाकातून आत येते. तेथील शंकू वेगानुसार पुढेमागे सरकतो व त्याच्याच पोटात रडार बसविलेले असते. त्यामुळे रडारचा आकार फार वाढविता येत नाही. ध्वनीच्या सुमारे दुप्पट वेग या रचनेने साधला. मात्र लहान पंखांमुळे विमान ताशी ३०० किमी. हून अधिक वेगाने उतरवावे लागते आणि सडपातळ धडात इंधनाला जागा थोडी उरते.

प्रकार : विमानांच्या निर्मितीचा करार १९६२ मध्ये झाला. सांगाडा ओझरला, एंजिन ओरिसातील कोरापुटला व इलेक्ट्रॉनीय सामग्री हैदराबादला, अशी कामाची वाटणी करण्यात आली. प्रथम आयात भागांची जुळणी झाली. कच्च्या मालापासून येथेच बनविलेले पहिले ‘एफएल’ विमान १९७० मध्ये वायुसेनेला मिळाले. क्षेपणास्त्रे आल्यावर तोफेची गरज संपली, या समजुतीने एफएलमध्ये तोफ ठेवलीच नव्हती. हा समज महाग पडला असता. पुढे पोटाखाली २३ मिमी. च्या जोडनळी तोफेची पेटी टांगण्यात आली. पण जादा इंधनाची टाकीही त्याच जागी लावावयाची असल्याने तोफ की इंधन, हा प्रश्न प्रत्येक उड्डाणापूर्वी सोडवावा लागे. १२ डिसेंबर १९७१ रोजी जामनगरहून निघालेल्या बी. बी. सोनी यांनी कच्छच्या आखातावर पाकिस्तानी एफ–१०४ विमान पाडले, ते या तोफेनेच.

‘एम’ प्रकारात (१९७३ पासून) तोफ धडातच बसविली व पंखांखालील टांगण्या दोनांच्या चार केल्या. वजन वाढले, एंजिन मात्र जवळजवळ तेच राहिले. ही उणीव ‘बिस’मध्ये आर–२५ एंजिनाने भरून काढली, पश्चज्वलनासह त्याचा रेटा ७,१०० किग्रॅ. आहे. १९८७ मध्ये बिसचे उत्पादन थांबले.

अपघात : २०१२ मध्ये संसदेत देण्यात आलेल्या माहितीनुसार वायुसेनेने घेतलेल्या सर्व प्रकारच्या ८७२ मिग विमानांपैकी ४८२ अपघातांत नष्ट झाली व १७१ वैमानिक मृत्यू पावले, ३९ नागरिकही दगावले. याचा दोष केवळ विमानाकडे जात नाही. प्रगत प्रशिक्षण विमान ‘हॉक’ २००८ मध्ये आले. तोपर्यंत ध्वनीहून कमी वेगाच्या विमानांवर शिकलेला तरुण थेट मिगमध्ये बसे, आणि उतरण्याचा वेग चुकीला वाव देत नसे.

‘बायसन’ हे बिसचेच नूतनीकरण. नवे रडार, शिरस्त्राणातील लक्ष्यदर्शक व आर–७३, आर–७७ ही क्षेपणास्त्रे यांनी सज्ज केलेल्या या विमानांचे बहुतेक काम ओझरलाच झाले. एफएल २०१३ मध्ये निवृत्त झाले होते. उरलेल्या बायसन विमानांनी २६ सप्टेंबर २०२५ रोजी चंडीगढ येथे निरोप घेतला. वायुसेनेतील पहिली मिग–२१ तुकडी १९६३ मध्ये याच तळावर उभी राहिली होती.