अभावाचे बळ : कोरा कागद, पर्जन्यछाया आणि नायगाव

नसणे हे एक बळ आहे, त्याला दिशा असते आणि त्याचे मोजमाप करता येते, असे गृहीत धरून एखादे शास्त्र कल्पिले, तर त्यास 'अभावविज्ञान' असे नाव देता येईल. फ्रेंच लेखक आल्फ्रेद जारी (१८७३–१९०७) याने काल्पनिक समाधानांचे 'पातॅफिझिक' नावाचे शास्त्र रचून विज्ञानाच्या गांभीर्याची थट्टा केली होती. अभावविज्ञानाची कल्पनाही त्याच जातीची वाटण्याचा संभव आहे. परंतु मराठीच्या अभ्यासकाला त्यासाठी पॅरिसपर्यंत जाण्याचे कारण नाही. या शास्त्राची परिभाषा भारतीय तर्कपरंपरेत पूर्वीच सिद्ध झालेली आहे, आणि तेथे तिच्यात थट्टेचा अंशही नाही.

वैशेषिकांनी प्रथम द्रव्य, गुण, कर्म, सामान्य, विशेष आणि समवाय असे सहा पदार्थ मानले. पुढे अभाव हा सातवा पदार्थ त्यांत मिळाला आणि शिवादित्याच्या ग्रंथाचे 'सप्तपदार्थी' हे नावच त्याची साक्ष देते. जमिनीवर घट नाही, या ज्ञानाचा विषय कोणता, हा वादाचा मुद्दा होता. केवळ रिकामी जमीन, एवढेच प्रभाकर मीमांसकांचे उत्तर. नैयायिकांना ते मान्य नव्हते. त्यांच्या मते जमिनीहून वेगळा असा घटाभाव तेथे असतो. त्याला दोन टोके असतात : जे नाही ते, म्हणजे प्रतियोगी, आणि जेथे नाही ते, म्हणजे अधिकरण. या दोहोंवाचून अभाव सांगताच येत नाही. आपल्या समीक्षेत 'शून्य', 'पोकळी', 'रितेपण' हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरले जातात, त्यांना ही अट लावून पाहिल्यास पुष्कळसे लेखन निराधार ठरेल.

दुसरी अट अधिक महत्त्वाची. वस्तू दिसली नाही, एवढ्यावरून ती नाही असे ठरत नाही. ती तेथे असती तर दिसलीच असती, अशी परिस्थिती असली पाहिजे. यास योग्यानुपलब्धी म्हणतात. अंधारात घट दिसला नाही, यावरून काहीही सिद्ध होत नाही.

या दोन अटींच्या प्रकाशात चांगदेवाच्या कोऱ्या पत्राची कथा पाहावी. ज्ञानेश्वर वयाने लहान, अधिकाराने थोर. तेव्हा 'चिरंजीव' लिहावे की 'तीर्थरूप', हा पेच न सुटल्याने चांगदेवाने कोराच कागद पाठविला, असे परंपरा सांगते. तो कागद शून्य नव्हता. मायन्याची जागा ठरलेली होती, मायन्याचे दोन्ही पर्याय ज्ञात होते, आणि त्या जागी ते नव्हते. म्हणूनच तो कागद वाचता आला. मुक्ताबाईला त्यात चांगदेवाचे कोरेपण दिसले आणि ज्ञानेश्वरांनी पासष्ट ओव्यांचे उत्तर दिले. तोच कागद वाण्याच्या दुकानात पडलेला असता, तर त्याला कोणी उत्तर दिले नसते.

भौतिकशास्त्राचा अनुभवही याहून फार वेगळा नाही. सतराव्या शतकात ओटो फॉन गेरिके याने धातूचे दोन अर्धगोल जुळवून त्यांतील हवा काढून घेतली, तेव्हा घोडे जुंपूनही ते विलग होईनात. आतली पोकळी ओढून धरते असे पाहणाऱ्यास वाटे. वस्तुतः दाब बाहेरच्या हवेचा होता. १९४८ मध्ये हेंड्रिक कॅसिमिर याने दाखविले की निर्वात जागेत अगदी जवळ ठेवलेल्या दोन विद्युत्भाररहित धातुपट्ट्याही परस्परांकडे ढकलल्या जातात. याचे एक प्रचलित स्पष्टीकरण असे की पट्ट्यांच्या मधल्या फटीत ज्या लहरी मावत नाहीत त्या बाहेर असतात. नसण्याचे म्हणून जे बळ भासते ते भोवतालच्या असण्याचे असते, हे अभावविज्ञानाचे पहिले सूत्र मानावयास हरकत नसावी.

हे सूत्र सातारा जिल्ह्यातील खंडाळा तालुक्यात उघड्या डोळ्यांनी पाहता येते. (बोरघाटावरचे खंडाळे ते हे नव्हे, हे पुणे–सातारा रस्त्यावरील, खंबाटकी घाटाच्या पायथ्याचे.) येथून महाबळेश्वर हवाई अंतराने सुमारे ४० किलोमीटर. तेथे वर्षाकाठी ५,००० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो; खंडाळ्याच्या वाट्याला त्याचा लहानसा अंश येतो. वारा सह्याद्री चढताना थंड होऊन पाणी टाकतो आणि पूर्वेस उतरताना पुन्हा तापून कोरडा होतो. पर्जन्यछाया हा शब्द सुंदर आहे खरा, पण छाया पडावयास मध्ये काहीतरी उभे असावे लागते. खंडाळ्याचा पर्जन्याभाव डोंगराने घडविलेला आहे.

याच तालुक्यातील नायगाव येथे ३ जानेवारी १८३१ रोजी सावित्रीबाई फुले यांचा जन्म झाला. त्यांचा 'काव्यफुले' हा संग्रह १८५४ मधला, म्हणजे केशवसुतांच्या जन्मापूर्वी बारा वर्षांचा. तरीही आधुनिक मराठी कवितेचा आरंभ केशवसुतांपासून मांडण्याची प्रथा रूढ झाली आणि सावित्रीबाईंची कविता त्या मांडणीच्या बाहेर राहिली. मा. गो. माळी यांनी संपादिलेले 'सावित्रीबाई फुले समग्र वाङ्मय' प्रसिद्ध झाले ते १९८८ मध्ये. त्या काळात स्त्रीने लिहिलेली कविता नव्हती, असे ज्यांनी गृहीत धरले त्यांच्यापाशी अनुपलब्धी होती, योग्यता नव्हती. जेथे शोधले असता दिसावयास हवे, तेथे त्यांनी शोधलेच नव्हते. आपल्या वाङ्मयेतिहासांतील 'आढळत नाही' या क्रियापदाखाली असे किती अंधारातले घट दडले असतील, याची मोजदाद अद्याप व्हावयाची आहे.

सावित्रीबाईंचे निदान लिहिलेले तरी होते. ज्या मुलीला अक्षरओळखच होऊ दिली नाही, तिच्या न लिहिलेल्या ग्रंथाचे काय? येथे नैयायिक अडवील. त्याच्या मते जे कोठेच नाही ते अभावाचा प्रतियोगी होऊ शकत नाही. सशाच्या शिंगाचा अभाव सांगता येत नाही. मात्र त्याची सोडवणूकही तोच करतो. शिंग गाईला असते, ससाही असतो. सशाच्या ठिकाणी शिंगाचा अभाव, असे विधान निर्दोष आहे. त्याच रीतीने, न लिहिलेल्या ग्रंथाविषयी न बोलता त्या मुलीच्या ठिकाणी पाटीपेन्सिलीचा अभाव, असे म्हणावे लागेल. आणि हा प्रतियोगी काल्पनिक नाही. पाटी त्याच घरात होती, तिच्या भावाच्या हातात.