एका सिनेमाचा नट

वाशिम जिल्ह्यात, रिसोड तालुक्यातल्या रिठदला आंबेडकर जयंतीच्या शाहिरीची तालीम बघायला गेलो, ते ‘कोर्ट’ या सिनेमामुळे. त्यातल्या नारायण कांबळेचं स्टेजवर उभं राहणं डोक्यातून जात नव्हतं. असा नट घडतो कसा, हे बघायचं होतं.

तुराट्यांच्या जाळावर डफ शेकणं चाललं होतं. तापल्या चामड्याचा वास अंगातल्या सदऱ्याला चिकटला, तो घरी येईतो गेला नाही. माईक लागला, कोरसनं सूर धरला. म्हातारे शाहीर मात्र हातसुद्धा हलवत नव्हते. कडव्याआधी समोर बघायचे, श्वास भरून घ्यायचे, आणि दंगा करणारी पोरं आपोआप गप्प.

वीरा साथीदार यांचा कांबळे असाच आहे. साथीदार नागपूरचे, आंबेडकरी चळवळीतले, ‘विद्रोही’ मासिकाचे संपादक. चैतन्य ताम्हाणेंच्या या सिनेमात ते ६५ वर्षांचे लोकशाहीर झाले. गाणं ऐकून गटार साफ करणाऱ्या कामगारानं आत्महत्या केली, असा आरोप त्यांच्यावर. गाणी संभाजी भगत यांची. कॅमेरा लांब, स्थिर; चेहऱ्याजवळ येऊन नटाला सांभाळून घेत नाही. आरोपी म्हणून उभं राहताना साथीदार केविलवाणे होत नाहीत, बाणेदारपणाही मिरवत नाहीत. कंटाळलेले दिसतात. पोलीस, तारखा, जामीन हे सगळं आधीच बघितलेल्या माणसाचा तो कंटाळा आहे. माझ्या मते सिनेमातला सर्वांत अवघड अभिनय तोच.

२०१४ मध्ये व्हेनिसला ‘कोर्ट’ला पुरस्कार मिळाले, पुढं राष्ट्रीय पुरस्कार, मग ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका. १३ एप्रिल २०२१ ला साथीदार कोरोनानं गेले.

तालमीतल्या ढोलकीवाल्या पोराला हे सांगितलं. “किती पिक्चर केले त्यायनं?”

“नाव झालं ते एकाच पिक्चरनं.”

“एकच? आमचे बाबा तं तीस वर्सांपासून हेच करून राह्यले,” तो शाहिरांकडे बोट दाखवत म्हणाला.

तीस वर्षं. साथीदारांना ‘नवखा नट’, ‘हौशी कलाकार’ म्हणतात, तेव्हा चळवळीतली अशी वर्षं कुणी धरतच नाही. चळवळीतला माणूस रोज अनोळखी गर्दीपुढं उभा राहतो. कॅमेऱ्यापुढं नवखा असेल, माणसांपुढं नव्हे. सिनेमावाल्यांना असा माणूस लागतो तो एकदाच, अस्सलपणा हवा असेल तेव्हा. मग पुन्हा सराईत चेहरे.

शाहिराची भूमिका लिहिणाऱ्यांनो, मुंबईत ऑडिशन लावण्याआधी एप्रिलात वाशिमकडं या. तालमी रात्री असतात, आणि बघायला कुणी अडवत नाही.