विश्लेषण : व्हिडीओ फाइलच्या नावातील ‘१०८०पी’, ‘वेब-डीएल’, ‘एक्स२६५’ म्हणजे काय?

पेन ड्राइव्हमधून किंवा मेसेजिंग अ‍ॅपवरून आलेल्या चित्रपटाच्या नावापुढे अक्षरे आणि आकड्यांची लांबलचक शेपटी असते. ती वाचता आली तर चित्र कसे दिसेल, फाइल आली कुठून आणि ती उघडणे सुरक्षित आहे का, याचा अंदाज येतो.

१०८०पी म्हणजे काय?

चित्र किती आडव्या ओळींचे आहे, हे हा आकडा सांगतो. १९२० बाय १०८० म्हणजे सुमारे २०.७ लाख पिक्सेल. ‘७२०पी’मध्ये ते ९.२ लाख, तर ३८४० बाय २१६० च्या ‘फोर-के’मध्ये सुमारे ८३ लाख असतात. ‘पी’ म्हणजे प्रोग्रेसिव्ह. प्रत्येक फ्रेमच्या सर्व ओळी एकाच वेळी दाखवल्या जातात.

स्रोत कसा ओळखावा?

‘कॅम’ म्हणजे चित्रपटगृहात कॅमेऱ्याने पडद्यावरून टिपलेली प्रत. ‘टीएस’मध्ये चित्र तसेच, पण आवाज स्वतंत्रपणे घेतलेला असतो. ‘वेब-डीएल’ ही स्ट्रीमिंग सेवेवरून जशीच्या तशी उतरवलेली, तर ‘वेबरिप’ ही पुन्हा रेकॉर्ड किंवा एन्कोड केलेली प्रत. ‘ब्लू-रे’ म्हणजे मूळ डिस्कवरून तयार केलेली.

एक्स२६५ आणि एमकेव्ही यांत फरक काय?

एमकेव्ही, एमपी४ हे डबे आहेत. त्यांत चित्र, आवाज व उपशीर्षके एकत्र ठेवतात. चित्र कोणत्या पद्धतीने लहान केले, हे एक्स२६४ किंवा एक्स२६५ वरून कळते. दुसऱ्यात साधारण निम्म्या डेटात तितकाच दर्जा मिळतो, मात्र जुन्या टीव्हीवर अशी फाइल अनेकदा चालत नाही.

नावावर विश्वास ठेवावा का?

नाही. नाव कोणीही बदलू शकतो. अडीच तासांचा ‘१०८०पी’ चित्रपट ७०० एमबीत बसवला, तर प्रत्येक सेकंदाला जेमतेम ०.६ मेगाबिट डेटा मिळतो. ब्लू-रे डिस्कची क्षमता २५ किंवा ५० जीबी असते, हे लक्षात घेतले म्हणजे तपशील किती गाळला गेला ते कळते. कमी दर्जाचे चित्र ताणून मोठे केले तरी हरवलेला तपशील परत येत नाही.

धोका कुठे आहे?

नावाच्या अगदी शेवटी. ‘.एमपी४.ईएक्सई’ हा चित्रपट नसून संगणकावर चालणारा प्रोग्राम असतो. विंडोज शेवटचा भाग बहुधा लपवते, त्यामुळे फक्त ‘एमपी४’ दिसते. मोबाइलवर ‘.एपीके’ असेल तर ते अ‍ॅप आहे. चित्रपट पाहण्यासाठी यांपैकी काहीही इन्स्टॉल करण्याची गरज नसते.

कायदा काय सांगतो?

२०२३ च्या सिनेमॅटोग्राफ सुधारणा कायद्यानुसार चित्रपटगृहात विनापरवाना चित्रीकरण करणाऱ्यास तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि किमान तीन लाख रुपये दंड होऊ शकतो. दंडाची कमाल मर्यादा चित्रपटाच्या लेखापरीक्षित निर्मिती खर्चाच्या पाच टक्के आहे. ‘कॅम’ ही तीन अक्षरे त्यामुळे केवळ सुमार दर्जाची खूण नाहीत. ती गुन्ह्याचीही खूण असू शकतात.